धुतलेली आकडी

एकोणीसशे शहाण्णव साली, ऐन कांद्याच्या हंगामात, पुण्याच्या मार्केट यार्डात भैरू नावाच्या हमालाचा खून झाला. तोवर मी नुसती आकडी होते. दुसऱ्या दिवशी मी हत्यार झाले.

मित्रांनो, आज मी एक जुनी, गंजलेली आकडी आहे. आकडी म्हणजे काय, हे तुमच्यातल्या पुष्कळांना ठाऊक नसेल. वाकवलेली लोखंडी सळई, पुढे टोक, मागे मुठीत मावेल असा बाभळीचा दांडा. हमाल ती पोत्यात रोवतो आणि पोते ओढतो, उचलतो. बोटांनी शंभर किलोचे पोते धरवत नाही, म्हणून माझी गरज.

भवानी पेठेतल्या एका लोहाराने मला घडवले. सळई कुठल्याशा पाडलेल्या इमारतीची होती. त्याने ती तापवली, वाकवली, पाण्यात बुडवली. टोक केले, पण धार लावली नाही. धारेने बारदान फाटते, कांदा जमिनीवर सांडतो आणि अडत्या सात पिढ्यांचा उद्धार करतो. आकडीने टोचायचे असते, चिरायचे नसते. माझ्यासारख्या कितीतरी आकड्या त्याने त्या दिवशी केल्या आणि एका तारेत ओवून यार्डात पाठवल्या.

टोळीचे मुकादम तात्याराव. त्यांनी मला कोंडीरामच्या हातात दिले. कोंडीराम नांदेडकडून बायको यमुनाबाईला घेऊन नुकताच आला होता. बोलायला संकोची, कामाला वाघ. त्याने पहिल्याच दिवशी माझ्या दांड्यावर जुन्या धोतराची चिंधी घट्ट गुंडाळली. हमाल आपली आकडी दुसऱ्याला देत नाही. तळहाताचा घट्टा आणि दांड्याची खोबण एकमेकांना ओळखू लागतात. टोक कधी आपल्याच हातात घुसते, रक्त चिंधीत मुरते, आणि काम चालूच राहते. माझ्या चिंधीत कोंडीरामचे किती रक्त मुरले असेल, याचा हिशोब कोणी ठेवला नव्हता. ठेवला असता तर बरे झाले असते.

पोते उचलणे एकट्याचे काम नाही. दोघांनी दोन कानांना आकड्या रोवायच्या, एकदम हुंकार द्यायचा आणि पोते तिसऱ्याच्या पाठीवर टाकायचे. म्हणून टोळीत जोड्या असत. कोंडीरामचा जोडीदार भैरू. तोही त्याच मुलखातला. गुलटेकडीच्या वस्तीत दोघांच्या खोल्या भिंतीला भिंत लागून. भैरूची बायको सोजरबाई आणि यमुनाबाई एकाच चुलीवर भाकऱ्या थापत. भैरूचे तोंड दिवसभर चालू. तो म्हणायचा, "कोंडिबा, तू बोलत नाहीस म्हणून मला दोघांचं बोलावं लागतं. माझी मजुरी जास्त पायजे."

ते माझे सुखाचे दिवस होते. संध्याकाळी कोंडीराम मला पुसून खोलीच्या दाराशी खिळ्याला अडकवी. त्याची लेक शालू माझ्याकडे बोट दाखवून घाबरल्याचे सोंग करायची आणि खिदळायची.

मग तो शुक्रवार आला. ट्रक भरताना भैरूने ड्रायव्हरला टोमणा मारायला मान वळवली, त्याचा हात सैल पडला आणि पोते कोंडीरामच्या गुडघ्यावर आदळले. कोंडीराम कळवळला. म्हणाला, "पुन्हा हात सोडलास तर मुडदा पाडीन तुझा."

भैरू म्हणाला, "पाड की. पण आधी हे पोतं तरी उचल."

सगळी टोळी हसली. कोंडीरामही हसला. यार्डात असली वाक्ये कांद्याच्या सालींसारखी पायाखाली पडलेली असतात. कोणी ती उचलून ठेवत नाही.

त्या रात्री कोंडीराम खोलीत झोपला होता आणि मी दाराशी खिळ्याला होते. शनिवारी यार्ड बंद असते. म्हणून सकाळी बऱ्याच उशिरा राखणदाराला कांद्याच्या गाळ्यांमागे भैरू मरून पडलेला सापडला. मानेवर आणि डोक्यावर चिरलेल्या जखमा होत्या. बातमी वस्तीत आली, तेव्हा सोजरबाई किंचाळत दवाखान्याकडे धावली, यमुनाबाई तिच्या मागे. कोंडीराम मात्र जागचा हलला नाही. थोड्या वेळाने तो उठला. त्याने मला खिळ्यावरून काढले आणि तो यार्डाकडे चालू लागला.

आता टोळीची रीत सांगते, कारण सारे घोडे तिथेच पेंड खाते. जोडीतला एक मेला की दुसऱ्याने आपली आकडी नळावर स्वच्छ धुवायची, तिला तेल लावायचे, टोक फडक्याने बांधायचे आणि लसणाच्या गाळ्यांपलीकडे म्हसोबाच्या कठड्याला ती लटकवायची. तेराव्यापर्यंत त्याने पोत्याला हात लावायचा नाही. जोडीदाराशिवाय पोते उचलले तर ते मेलेल्याला ओझे होते, असे मानत. तात्यारावांनी दोनदा हे केले होते. टोळीतल्या प्रत्येकाने कोणाला ना कोणाला करताना पाहिले होते.

कोंडीरामने तेच केले. भर दिवसा, बातमी ऐकून जमलेल्या टोळीतल्या माणसांदेखत. नळाशी बसून त्याने मला धुतले तेव्हा त्याचे खांदे हलत होते. मग त्याने मला म्हसोबाला बांधले आणि वर झेंडूचे फूल खोवले.

पोलिसांनी दुपारी विचारायला सुरुवात केली. भांडण कोणाशी झाले होते? काल कोंडीरामशी. काय म्हणाला? मुडदा पाडीन म्हणाला. मग कोंडीरामने आज काय केले? आकडी धुतली. एवढे पुरे झाले. संध्याकाळी त्याला नेले.

दुसऱ्या दिवशी त्याला बेड्या घालून म्हसोबापाशी आणले. बरोबर चहावाला रंगनाथ होता. जप्तीच्या कागदावर सही करायला साक्षीदार, म्हणजे पंच लागला की पोलीस त्यालाच हाक मारीत. त्याची चहाची गाडी चौकीसमोर होती आणि ती तिथेच राहावी अशी त्याची इच्छा होती. एका शिपायाने मला कठड्यावरून सोडवले, फूल खाली टाकले, वर्तमानपत्रात गुंडाळले. आणि कागदावर लिहिले गेले की, आरोपीने स्वतःहून लपवलेले धारदार हत्यार काढून दिले. मित्रांनो, मी उघड्यावर लटकत होते, येणारा-जाणारा मला पाहत होता. माझ्या अंगाला धार नव्हती. पण रंगनाथने सही केली. चहा थंड होत होता.

वर्तमानपत्राच्या त्या पुडक्यात मी चौकीतल्या फडताळात बरेच दिवस पडून होते. लाखेचा शिक्का पुढे केव्हा तरी बसला. मग तपासणीला गेले. अहवाल आला की, चिंधीत माणसाचे रक्त आहे, पण ते कोणत्या गटाचे हे सांगता येत नाही. ते कोंडीरामचे होते. मला ठाऊक होते. मला विचारायची रीत नाही.

खटला शिवाजीनगरच्या कोर्टात दोन वर्षांनी उभा राहिला. यमुनाबाईजवळ वकील करायची ऐपत नव्हती, म्हणून सरकारने एक दिला. ते गृहस्थ वाईट नव्हते, घाईत होते. त्यांनी व्हरांड्यात उभ्या उभ्या कोंडीरामला सांगितले, "शेवटी न्यायाधीश साहेब एकेक गोष्ट विचारतील. प्रत्येकाला 'खोटे आहे' म्हणायचं. जास्त बोललात की फसलात."

साक्षी झाल्या. तात्यारावांना विचारले, आरोपी मुडदा पाडीन म्हणाला का? ते म्हणाले, हो. भैरू त्यावर काय बोलला आणि टोळी कशी हसली, हे कोणी विचारले नाही. आरोपीने आकडी धुतली का? हो. का धुतली, हे सरकारी वकिलाने विचारले नाही, कारण त्याला उत्तर ठाऊक आहे असे वाटत होते. आपल्या वकिलाने विचारले नाही, कारण त्याला नको ते उत्तर येईल अशी भीती होती. डॉक्टर येऊन जखमा सांगून गेले. मी समोरच्या टेबलावर होते, पण मला त्यांच्या हातात द्यायचे राहून गेले. यमुनाबाईने शपथेवर सांगितले की, त्या रात्री नवरा घरात होता. बायको दुसरे काय सांगणार, असे सगळ्यांच्या चेहऱ्यावर होते.

मग न्यायाधीशांनी कोंडीरामला उभे केले. तुम्ही मुडदा पाडण्याची धमकी दिली, असे साक्षीदार सांगतात. "खोटं हाय." तुम्ही हत्यार काढून दिलेत. "खोटं हाय." तुम्ही ही आकडी धुतलीत असे पुराव्यात आले आहे, यावर काय म्हणणे आहे?

कोंडीरामने माझ्याकडे पाहिले. मग वकिलाकडे पाहिले. वकील कागद चाळत होते.

"खोटं हाय," तो म्हणाला.

अवघ्या टोळीने डोळ्यांनी पाहिलेली गोष्ट त्याने नाकारली, आणि निकालात तेच ठळकपणे आले. निरपराध माणूस हत्यार का धुवेल, आणि धुतले तर नाकारेल का? जन्मठेप झाली. सोजरबाई प्रत्येक तारखेला कोर्टात येत होती, त्या दिवशीही आली होती. तिने कोंडीरामकडे एकदाच पाहिले आणि पदर तोंडावर ओढला.

बाहेर यमुनाबाईने तात्यारावांना गाठले. रीत का सांगितली नाहीत, म्हणून विचारले. तात्याराव खाली मान घालून म्हणाले, "विचारलं तेवढंच सांगायचं असतं, असं शिपायानं दरडावलं होतं. आणि मला वाटलं, एवढं तर कोर्टाला ठाऊक असणारच."

ज्याचे जळते त्याला कळते. पण कळून उपयोग काय?

मी मुद्देमालाच्या खोलीत गेले. तिथे कोयते होते, काठ्या होत्या, एक शिलाई मशीन होते, कोणाचे तरी लग्नातले लुगडे होते. धुळीत सगळे सारखे दिसत. तुरुंगातून कोंडीरामने वरच्या कोर्टात अपील केले. अपील दाखल झाले आणि रांगेत उभे राहिले. तेवढ्या वेळात पुणे बदलले. पुढची हकिकत मी फार नंतर, घरी परतल्यावर यमुनाबाईच्या आणि शालूच्या तोंडून ऐकली. यमुनाबाई लसूण निवडायला जाऊ लागली. हडपसरच्या शेतांमध्ये काचेच्या इमारती उगवल्या. मुलांच्या हातात मोबाइल आले. शालू शाळेत खुन्याची मुलगी म्हणून एकट्या बाकावर बसली, तरी शिकली, आणि तिकडच्याच एका कंपनीत कॉम्प्युटरवर आकडे भरायच्या कामाला लागली. वडिलांचे अपील अजून रांगेतच होते.

शालूच्या कॉलेजातल्या एका बाईंनी तिला सुनीती वकिलांकडे पाठवले. सुनीतीबाई नारायण पेठेतल्या. घरात तीन पिढ्या मास्तर. बोलणे असे की, समोरच्याला आपण गृहपाठ न करता आलो आहोत असे वाटावे. यमुनाबाईने नमस्कार केला, तर त्या म्हणाल्या, "नमस्कार नंतर. आधी निकालाची प्रत. निम्मे लोक इथे प्रतीऐवजी नारळ घेऊन येतात."

त्यांनी सगळे वाचले. दुसऱ्या खेपेला मायलेकींना बसवून समजावले. वरच्या कोर्टात साक्षीदार येत नाहीत. तिथे रडणे दिसत नाही आणि शपथ ऐकू येत नाही. खाली जे बोलले गेले आणि टिपले गेले, तेवढेच तिथे पोहोचते. पण खूनखटल्यात वरचे न्यायाधीश नुसता निकाल बरोबर की चूक एवढे बघून थांबत नाहीत. तो पुरावा ते आरंभापासून स्वतः तोलतात. प्रत्यक्ष पाहणारा कोणी नसेल तर खुणांची साखळी बघतात. भांडण ही एक कडी, आकडी दुसरी, रक्त तिसरी. साखळी आरोपीपाशीच जाऊन थांबली पाहिजे, दुसरीकडे कुठेही जाऊ शकता कामा नये. एक कडी निखळली की माणूस सुटतो.

"आणि ती धुण्याची कडी?" सुनीतीबाईंनी विचारले. "ती का धुतली त्यांनी?"

यमुनाबाईने रीत सांगितली. पहिल्यांदाच कोणीतरी विचारले होते. सुनीतीबाईंनी सगळी फाइल पुन्हा उलटून पाहिली. जोडीदार, रीत, तेरावा, यातला एक शब्द कुठे नव्हता.

"हे कुणालाच का सांगितलं नाहीत?"

"कुणाला सांगायचं बाई? सगळ्यांना ठाऊकच हाय की."

सुनीतीबाईंनी अर्ज केला की, नवा पुरावा घेण्याची परवानगी द्यावी. कोर्टाला वाटले तर ते अपिलातही साक्ष घेऊ शकते, अशी तरतूद आहे. तात्याराव म्हातारे झाले होते, तरी यायला तयार झाले. म्हणाले, या वेळी कोणी विचारो न विचारो, मी सांगणार.

दोन हजार सात साली अपील निघाले. न्यायाधीशांनी हत्यार बघायला मागवले, म्हणून मलाही मुंबईला नेले. उंच छताची खोली, वर दोन न्यायाधीश, खाली वकील, आणि मी लाखेच्या शिक्क्यात. सगळे इंग्रजीत चालले होते. शालू आईच्या कानात मराठीत सांगत होती.

माझे पुडके उघडले. ज्येष्ठ न्यायाधीशांनी मला हातात घेतले, टोकावर अंगठा ठेवला, मग सरकारी वकिलाला विचारले, "याने चिरलेली जखम कशी होते?" सरकारी वकील म्हणाले की, जोर लावला तर होऊ शकते. "डॉक्टरांना विचारलं होतं?" नव्हते विचारले. मला इतक्या वर्षांनी प्रथमच कोणीतरी नीट हात लावला होता. मी आशेने गरम झाले, असे म्हटले तर तुम्ही हसाल.

मग अर्ज निघाला. सरकारी वकील म्हणाले की, शिक्षा झाल्यावर रीतिभाती सुचायला लागतात. अशा रीती प्रत्येक आरोपीला सापडतील. हे बोलणे मला झोंबले, पण ज्याने यार्ड पाहिले नाही त्याला दुसरे काय वाटणार?

ज्येष्ठ न्यायाधीशांनी सुनीतीबाईंकडे पाहिले. आवाज शांत होता. "बाई, तुमच्या अशिलाने खालच्या कोर्टात सांगितलं, आकडी धुतलीच नाही. आता तुम्ही सिद्ध करू पाहता, की धुतली आणि अमुक कारणासाठी धुतली. दोन्हीपैकी आम्ही काय धरायचं? विचार करून मध्यंतरानंतर सांगा."

व्हरांड्यात सुनीतीबाईंनी चष्मा काढून पुसला. तात्याराव धुतलेला सदरा घालून बाकावर बसले होते. सुनीतीबाई यमुनाबाईला म्हणाल्या, "ऐका. अर्ज पुढे रेटला तर ते खोटं बोलले हे आपणच कबूल करतो. प्रकरण पुन्हा खाली जाऊ शकतं, आणखी वर्षं जातील, आणि शेवटी कोर्टाला पटेलच असं नाही. मागे घेतला तर बाकीच्या कड्या मी आजच तोडते. ते सुटतील, मला वाटतं. पण मग ही रीत कुठल्याच निकालात येणार नाही. त्यांनी का धुतली, ते कायमचं राहून जाईल."

यमुनाबाईने तात्यारावांकडे पाहिले, लेकीकडे पाहिले.

"मला माणूस घरी पाहिजे, बाई," ती म्हणाली. "बाकीचं मी काय करू?"

अर्ज मागे घेतला. तात्याराव ज्या बाकावर बसले होते तिथूनच उठून परतीच्या एसटीला गेले.

पुढे सुनीतीबाई अशा बोलल्या की बोलावे तर त्यांनीच. ही वस्तू उघड्या देवळात सगळ्यांच्या नजरेसमोर होती, मग आरोपीने शोधून काय दिले? हा पंच त्याच चौकीच्या किती प्रकरणांत सही करतो? पुडके शिक्क्याविना किती काळ पडून होते? माणसाचे रक्त हमालाच्या आकडीवर नसेल तर कोणाच्या असेल? आणि खोटे उत्तर म्हणाल, तर भ्यालेला माणूसही खोटे बोलतो. तुटलेली साखळी खोट्या उत्तराने सांधता येत नाही.

निकाल त्यांच्या बाजूने लागला. न्यायाधीशांनी लिहिले की, संशय कितीही दाट असला तरी तो पुराव्याची जागा घेऊ शकत नाही. पुराव्यातून दोन अर्थ निघत असतील तर आरोपीला अनुकूल तो धरावा लागतो. म्हणून संशयाचा फायदा देऊन कोंडीरामची सुटका केली.

मी दोष कोणाला देऊ? त्या दोन न्यायाधीशांनी आपले काम चोख केले. त्यांच्यासमोर जे आले ते त्यांनी सोन्याच्या काट्यावर तोलले. जे आले नाही, ते कसे तोलणार?

कोंडीराम हडपसरला शालूच्या भाड्याच्या खोलीत आला. केस पांढरे झाले होते. भिंतीला पाठ लावून बसायची सवय लागली होती. शालूने अर्ज करून मलाही सोडवून आणले. वडिलांना बरे वाटेल, असे तिला वाटले. त्याने मला हातात घेतले नाही. निकाल मात्र वाचायला सांगितला. शालूने मराठीत सांगत सांगत सगळा वाचला.

तो म्हणाला, "त्यात असं लिहिलंय का, की मी भैरूला मारलं नाही?"

शालू अडखळली. "असं लिहिलंय, की मारलं हे सिद्ध झालं नाही."

"म्हणजे नाही लिहिलं."

एका शनिवारी तो सोजरबाईकडे गेला. ती अजून गुलटेकडीच्या त्याच खोलीत राहत होती. मला त्याने पिशवीत घालून बरोबर नेले होते. दारातच उभे राहून त्याने सगळे सांगितले. भैरू गेला हे कळल्यावर काय झाले, नळावर कसा बसला, फूल कुठून आणले. आयुष्यात तो एका दमात एवढे कधी बोलला नसेल. मला पिशवीतून काढून त्याने तिच्या उंबऱ्यावर ठेवले.

सोजरबाईने त्याला पुरते बोलू दिले. त्या दिवशी ती दवाखान्यात होती. म्हसोबापाशी काय झाले, हे तिने पाहिले नव्हते.

"भावजी," ती म्हणाली, "रीत मला ठाऊक हाय. मग कोर्टात 'धुतली नाही' असं का म्हणालात? मी समोर बसले होते."

"वकील म्हणाले होते, वहिनी. सगळ्याला खोटं म्हणायचं."

"माझ्या माणसासाठी आकडी धुतली, आणि ती धुतली नाही असं माझ्या तोंडावर सांगितलं. आता मी कोणतं खरं धरू?" तिने मला उचलून त्याच्या हातात दिले. "कोर्टानं तुम्हाला सोडलंय. मी काय म्हणणार? या आता."

मित्रांनो, तिचे चुकले असे मला म्हणवत नाही.

भैरूला कोणी मारले, हे आजपर्यंत कळले नाही. आधी कोणी शोधले नाही, कारण खुनी सापडला होता. तो सुटला तेव्हा शोधायला कोणी उरले नव्हते. सोजरबाई पुढे गावी भावाकडे गेली आणि तिथेच वारली. तात्याराव त्या एसटीतून उतरले ते फारसे घराबाहेर पडले नाहीत. पुढल्या वर्षी गेले. रंगनाथच्या गाडीचे हॉटेल झाले, गल्ल्यावर आता त्याचा जावई बसतो, आणि पंच लागला की रंगनाथ अजून जातो. सुनीतीबाईंनी आणखी पुष्कळांना सोडवले. शालू सांगते की, नवे अशील आले की त्या आधी वकीलपत्र बाजूला ठेवतात आणि त्या दिवशी सकाळपासून काय काय केलेस ते सांग म्हणतात. शालूचे लग्न दोनदा मोडले आणि तिसऱ्यांदा जमले. यमुनाबाई माणूस घरी आला यातच समाधान मानून गेली. कधी कधी रात्री मात्र म्हणायची, त्या व्हरांड्यात मी चुकले काय गं?

आणि कोंडीराम. टोळीत त्याच्या जागी कधीच दुसरा आला होता. शालूने हडपसरच्या काचेच्या इमारतीत राखणदाराच्या नोकरीसाठी खटपट केली. तिथल्या टाय लावलेल्या तरुणाने निकालाची प्रत नीट वाचली, चहाही पाजला. म्हणाला, "काका, निर्दोष लिहिलं असतं तर प्रॉब्लेम नव्हता. संशयाचा फायदा म्हणजे संशय आहेच ना?" कोंडीरामने मान डोलावली. जणू त्यालाही ते पटले.

शेवटी तो यमुनाबाईच्याच जागी, बायकांच्या रांगेत लसूण निवडायला बसू लागला. यार्डात आता ढकलगाड्या आल्या आहेत, जोड्या मोडल्या आहेत. एकदा टोळीतला एक जण अपघातात गेला आणि दुसऱ्याच दिवशी त्याचा सोबती पोती ओढताना दिसला. कोंडीराम रांगेतून उठून त्याच्याजवळ गेला आणि त्याला जुनी रीत सांगू लागला. त्या हमालाने ऐकून घेतले आणि सरळ विचारले, "बाबा, असं कुठं लिहिलेलं हाय का?"

कोंडीराम म्हणाला, "नाही."

आणि परत जागेवर जाऊन बसला. गेल्या हिवाळ्यात तो गेला. शालूने मला फडक्यात गुंडाळून माळ्यावर ठेवले आहे.

मला तेल लावा, माझा गंज काढा, असे मी सांगत नाही. लोखंड गंजायचेच. मी एवढेच मागते. तुमच्यापैकी कोणी पुढे पोलीस होईल, कोणी वकील, कोणी न्यायाधीश. कोणीच नाही झाले तरी कोणाचे तरी शेजारी व्हालच. एखाद्याने अमुक केले असे कानावर आले, तर त्याला 'केलेस का' असे विचारून थांबू नका. का केलेस, तेही विचारा, आणि वेळेवर विचारा, त्याला कोणी उत्तर शिकवायच्या आत.